वेस्टरॉसची आगोट

वेस्टरॉसमध्ये माझं वय जेमतेम पाच हिवाळे भरलं असतं. जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्या त्या जगात ऋतू पंचांग मानत नाहीत. उन्हाळा एकदा आला की वर्षानुवर्षं मुक्काम ठोकतो आणि हिवाळाही एकदा बसला की उठायचं नाव घेत नाही. गोष्ट सुरू होते तेव्हा कुणाच्या आठवणीत नसेल इतका लांबलेला उन्हाळा चालू असतो. त्यातल्या सात वर्षांच्या ब्रॅनने हिवाळा फक्त म्हाताऱ्या दाईच्या गोष्टींत ऐकलेला असतो.

हे वाचून लोकांच्या म्हणे अंगावर काटा येतो. माझा हात आधी केसांकडे गेला. पन्नाशी उलटलेल्या माणसाला 'पाचवा चालू आहे' एवढंच उत्तर देऊन पुढे सरकता येणारी दुसरी जागा मला तरी माहीत नाही. महिन्याच्या महिन्याला कलप लावायचा खर्च वाचेल तो वेगळाच. तोटा एवढाच, की भाच्याला गप्प बसवायला मी जे हमखास वापरतो ते 'तुझ्यापेक्षा चार पावसाळे जास्त पाहिलेत' तिथे चालणार नाही. 'तुझ्यापेक्षा दीड हिवाळा जास्त पाहिलाय' असं म्हटल्यावर कोण दबणार?

पुढे वाचलं तर तिथली माणसंही वर्षं मोजतातच! ऋतू इतके बेभरवशाचे, तरी चंद्राच्या फेऱ्या धरून, एगॉन राजाने देश जिंकला तिथपासूनचा हिशेब चोख ठेवलेला. एवढा सोयीचा ग्रह मिळाला आणि त्यावरही कारकूनच निघाले.

या गोष्टीची पहिली चार पुस्तकं मी तिच्यावरची टीव्ही मालिका येण्याआधी वाचलेली आहेत. मालिका एप्रिल 2011 मध्ये आली, मी आधी. हे इथे सांगायची गरज नव्हती. तशी ती कुठेच नसते, तरी मी ते लग्नाच्या पंगतीत, मठ्ठा वाढणाऱ्यालाही सांगितलेलं आहे.

आता असे ऋतू होतात कसे, हा प्रश्न शास्त्रज्ञांनाही स्वस्थ बसू देईना. आपल्याकडे पृथ्वीचा आस साडेतेवीस अंशांनी कललेला, म्हणून ऋतू वेळेवर हजर. 2017 मध्ये ब्रिस्टल विद्यापीठातल्या हवामानशास्त्रज्ञांनी सहकाऱ्यांसोबत वेस्टरॉसचं हवामान चक्क संगणकावर चालवून पाहिलं. ग्रह सूर्याभोवती फिरताना त्याचा आसही सोबत फिरत राहिला, तर एकच गोलार्ध कायम सूर्याकडे झुकलेला राहतो आणि ऋतू संपतच नाही, असा त्यांचा तोडगा. निबंधावर लेखक म्हणून नाव घातलं सॅमवेल टार्लीचं, म्हणजे कादंबरीतल्याच एका पुस्तकी किड्याचं. एवढी विनोदबुद्धी असलेले शास्त्रज्ञ बघून मला फार बरं वाटलं. मार्टिन यांनी मात्र सांगून ठेवलंय की कारण जादूचं आहे, विज्ञानात शोधू नका.

मला स्वतःला कारणाशी कर्तव्य नाही. माझं सगळं लक्ष कोठारावर.

कादंबरीतल्या स्टार्क घराण्याचं ब्रीद बघा. बाकीची घराणी ब्रीदातून पराक्रमाच्या बढाया मारतात. हे एकच घराणं हिवाळा येतोय एवढं बजावून थांबतं. टीकाकारांना त्यात नियती, मृत्यू वगैरे दिसतं. मला आजी दिसते. कोकणातल्या आमच्या घरी एप्रिलच्या मध्यापासूनच तिचा घोष सुरू व्हायचा, 'मिरग तोंडावर आलाय रे!' मिरग जूनच्या पहिल्या आठवड्यानंतरचा. पण आगोट भरायची म्हणजे दिवस कमीच. तांदूळ, कुळीथ, वर्षाचं तिखट, खडेमीठ, चिंचेचे गोळे, आमसुलं, सांडगी मिरची, फणसपोळी. सुकटाला माळ्यावरचा लांबचा कोपरा. घर शाकारायचं, लाकडं आत घ्यायची, पडवीला झावळ्यांचा आडोसा करायचा. आणि अंगणभर वाळवण. तिथे माझी नेमणूक कावळे हाकलायला. जुन्या नऊवारीवर कुरडयांच्या रांगा, त्यांच्या कडेला मी, हातात बांबूची काठी. कादंबरीत सातशे फूट उंच आणि तीनशे मैल लांब बर्फाची भिंत आहे आणि तिच्यावर पहारा देणाऱ्या काळ्या कपड्यांतल्या शिपायांना लोक कावळेच म्हणतात. आमच्याकडे कावळे पलीकडच्या बाजूला होते. शिवाय कुरडया कमी भरल्या तर त्या कावळ्यांनी नेलेल्या नसायच्या, ही बाब आजीच्या लक्षात होती.

स्टार्कांच्या विंटरफेल किल्ल्यात गरम पाण्याचे झरे भिंतींमधून खेळवलेत, काचेच्या बागेत भर हिवाळ्यात भाजी पिकते. उत्तम. पण पापडांचं काय? इतक्या वर्षांच्या उन्हाळ्यात वाळवणं किती झाली असतील, आणि पुढचा हिवाळा दोन वर्षांचा की आठ, हे माहीत नसताना डबे भरायचे तरी कुठवर? हजारो पानांत मार्टिन यांनी मेजवान्यांतली पक्वान्नं रकानेच्या रकाने लिहिली, वाळवण घातलेलं अंगण मात्र मला कुठे आठवत नाही. ज्यांनी हिवाळ्यावर एवढं लिहिलं, त्यांनी बेगमी करणाऱ्या बाईकडे बघितलंच नाही, याचा मला खरोखर राग आहे.

पुढे आजोबा गेले. काका मुंबईला, आत्या आपापल्या घरी. घरात आजी आणि एक मांजर. तरी मे महिन्यातली आगोट भरल्या घराचीच. आईने एकदा विचारलं, "अहो आई, एवढं कुणासाठी?" आजीने हातातली लाटी खाली न ठेवता म्हटलं, "पाऊस काय माणसं मोजून येतो?"

गणपतीला आम्ही जायचो तेव्हा बरेचसे डबे गळ्यापर्यंत भरलेले असायचे.

असो. राग मार्टिन यांच्यावर होता, तो पुरा करतो. पाचवं पुस्तक, 'अ डान्स विथ ड्रॅगन्स', जुलै 2011 मध्ये आलं. त्याच्या अखेरीला विद्वानांच्या पीठाकडून राजधानीत पांढरा डोमकावळा येतो. हिवाळा लागल्याचं सरकारी परिपत्रक म्हणा. आणि तिथे लेखक जो थांबला तो थांबलाच. सहाव्या पुस्तकाचं नाव ठरलेलं आहे, पुस्तक नाही. मालिका त्याला ओलांडून 2019 मध्ये संपलीसुद्धा. काळाला ताणणारं हवामान या गृहस्थांनी कागदावर आणलं आणि ते थेट त्यांच्याच लिहायच्या खोलीत शिरलं. 2014 मध्ये त्यांनी टीव्हीवर सांगितलं होतं की ते अजून डॉसवर, वर्डस्टार 4.0 मध्ये लिहितात. म्हणजे खोलीत ऋतू बदललेलाच नाही.

बाहेर बदलला ना! पाचवं घेतलं तेव्हा मला जवळचा चष्मा नव्हता. भाच्याच्या पाठीवर दप्तर होतं, आता डोक्यावर गृहकर्ज आहे. कादंबरीत कोण कुणाचा मेहुणा हे मी पार विसरलोय. सहावं आलं तर आधीची पाचही पुन्हा वाचावी लागणार, तीही मोठा टाइप मिळाला तर.

मार्टिन आजीच्या तावडीत सापडायला हवे होते. तिने त्यांना मे महिन्यात, टोपीसकट, अंगणात बसवलं असतं. एका हातात काठी, मांडीवर वही. पुस्तक मिरगाच्या आत पुरं झालं तर आंबापोळी, नाहीतर सकाळ-संध्याकाळ पेज. आणि कुरडया मोजून ठेवल्या आहेत, हे आधीच सांगितलं असतं.