बांचो

जपानमध्ये नऊ वर्षं शिकलं की पुढची शाळा सक्तीची नाही. म्हणजे बांचोला, शाळेतल्या त्या दादाला, कुणी कान धरून आणलेलं नसतं. तो आपणहून येतो. रोज येतो. फळ्याकडे मात्र चुकूनही बघत नाही.

काळ्या गाकुरानची, म्हणजे शाळेच्या गणवेशाची, बटणं गळ्यापर्यंत लावायची असतात. याची बेंबीपर्यंत उघडी. हात खिशात, मान तिरकी. बाकं असतात, पण हा टाचा टेकवून उकिडवाच बसणार आणि येणाऱ्या-जाणाऱ्याकडे खालून वर बघणार. खालून बघूनही समोरच्याला लहान करता येतं, हे कसब त्याचंच.

ताकाशी मिइकेंच्या २००७च्या ‘क्रोज झीरो’ या चित्रपटात असल्यांची अख्खी शाळाच आहे, सुझुरान. (नट विशीच्या मध्यावर आलेले, पण ही मंडळी वेळेवर पास होत असतील असं कोण म्हणतं?) गेंजी ताकिया इथे शेवटच्या वर्षाला दाखल होतो. बाप याकुझाचा, म्हणजे जपानी गुंडटोळीचा, म्होरक्या. सुझुरान जिंकलीस तर गादी तुझी, असा सौदा. मारामारीत गेंजीला तोड नाही. अडतं ते पुढेच. टोळीला माणसं लागतात, माणसं जोडायची तर बोलावं लागतं, आणि बोलायचं म्हटलं की या वाघाची शेळी होते. शेवटी केन नावाचा एक किरकोळ याकुझा, तोही सुझुरानचाच, त्याची शिकवणी घेतो. माकिसे नावाच्या आडदांड गड्याला फोडायचं तर त्याची मुलींशी गाठ घालून द्या! मग आपला बांचो ठोसे बाजूला ठेवून वधूवर सूचक मंडळ चालवायला लागतो. मला तर पावसातल्या त्या शेवटच्या तुंबळ हाणामारीपेक्षा ही खटपट जास्त शौर्याची वाटते. नाकाचं हाड बसवता येतं. ओशाळलेला चेहरा लपवायचा कुठे?

एवढं करून तो टोळीचं नाव ठेवतो ‘जीपीएस’. त्यातला ‘जी’ अर्थातच गेंजीचा. विनयाचा तास बहुधा त्याने बुडवला असावा.

शाळेतल्या प्रतिस्पर्धी टोळीच्या म्होरक्याला, सेरिझावाला, लोळवल्यावर तरी दम खावा? तर शाळेतला रिंदामान उरतोच. त्या धिप्पाड गड्याला ना टोळी हवी, ना गादी. अशा माणसाला हरवून मिळणार काय, हे बांचोला विचारू नये. त्याने बाह्या सारल्यासुद्धा.