पैसे कोणी घातले?

वडूजच्या एसटी स्टँडवर कुणालाही विचारा, ‘सैराट’ कोणाचा? आर्ची-परशा सांगतील, नागराज मंजुळे सांगतील. आता विचारा, पैसे कोणी घातले? सगळे फलाटाकडे बघतील.

निर्माता म्हणजे पैसेवाला, एवढीच आपली समज. नुसता पैसाच हवा असता तर त्याने पेट्रोल पंप नसता का टाकला?

१९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ आला. दादासाहेब फाळके पाठ्यपुस्तकात गेले. दागिने काढून देणाऱ्या, अख्ख्या कंपनीला रांधून वाढणाऱ्या आणि अंधारात बसून कोऱ्या फिल्मला भोकं पाडणाऱ्या सरस्वतीबाई कुठे गेल्या? बायकोने केलं की तो हातभार!

कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी देशी कॅमेरा बनवला, हे आपण छाती फुगवून सांगतो. पण कॅमेरा फिल्म खातो आणि फिल्म पैसे खाते. ते पैसे दिले गायिका तानीबाई कागलकरांनी. त्यावर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली आणि १९२० साली ‘सैरंध्री’ आला. कोल्हापुरात पेढ्या काय कमी होत्या? धाडस एका गाणाऱ्या बाईने केलं.

‘प्रभात’चे पाच भागीदार मोजा. शांताराम, दामले, फत्तेलाल. धायबरांपाशी लोक चाचपडतात. पाचव्याला गाडी अडतेच.

सीताराम कुलकर्णी. कोल्हापूरचे सराफ.

१९२९ साली ‘प्रभात’ निघाली ती त्यांच्या भांडवलावर. पुढे ती पुण्याला गेली, १९३६ साली ‘संत तुकाराम’ झाला, १९३७ साली व्हेनिसला गाजला. सोनं पारखणाऱ्याने माणसं पारखली होती. त्यांना पारखायला कोणाला सवड झाली?

आपल्या गावच्या जत्रेत एकावन्न रुपये देणाऱ्याचं नाव माइकवरून पुकारतात. तमाशाची सुपारी कोणी दिली, ते गावाला पाठ असतं. मग दोन गुंठे विकून सिनेमा काढणाऱ्याचंच नाव का विसरतं?

आणि पैसे घालून सुटका होत नाही. जनरेटरचं डिझेल संपलं, त्याला फोन. जेवणात पन्नास ताटं कमी पडली, त्याला फोन. पाऊस आला, नट रुसला, सेन्सॉरचा कागद अडला, त्यालाच फोन. एवढं करून थिएटर मिळतं सकाळी दहाचं. ऐन सुगीत सकाळी दहाला सिनेमा बघायला जाणार कोण?

चित्रपट चालला की दिग्दर्शकाची दृष्टी. पडला की निर्मात्याचं घर.

आता खटाव-माणातली पोरंही मोबाइलवर शॉर्टफिल्म काढतात. चांगली काढतात. स्पर्धेत अभिनयाला चषक, दिग्दर्शनाला चषक, संकलनालाही चषक. निर्मितीला का नाही? ज्या आईने पाटल्या गहाण टाकल्या, तिला शेवटी ‘विशेष आभार : आई’ म्हणून गुंडाळू नका. निर्माती म्हणून पहिल्या पाटीवर घ्या. नाव, आडनाव, गाव, सगळं लिहा.