ऋतुनाममीमांसा

मनुष्यास नाव असते आणि संवत्सरास ऋतू असतात, या दोन्ही गोष्टी विद्वन्मान्य आहेत. या दोहोंचा संयोग जेथे घडतो त्या बिंदूची शास्त्रीय चिकित्सा मात्र उपेक्षित राहिली. ती उणीव दूर करण्यासाठी प्रस्तुत लेखकाने कोल्हार भगवतीपूर हे क्षेत्र निवडले. प्रवरेच्या काठी, नगर-मनमाड रस्त्यावर वसलेल्या या गावी नदी, पूल, देवीचे देऊळ आणि एस.टी. थांबा अशी हाक मारण्यास अनुकूल स्थळे विपुल आहेत.

प्रथम लक्षण. ज्या नामाच्या उच्चारणाने, नामधारक उपस्थित होण्यापूर्वी, श्रोत्याच्या चित्तात एखादा ऋतू उपस्थित होतो, ते ऋतुनाम होय. 'उपस्थित होण्यापूर्वी' हे पद अनवधानाने घातलेले नाही. थांब्याजवळच्या चहाच्या टपरीपाशी 'ए वसंता' अशी हाक दिली असता दोन माना वळल्या, आणि तिसऱ्या गृहस्थाने मान न वळवता 'काय?' असे विचारले. तिघांपैकी एकही जागचा उठला नाही. वसंत ऋतू मात्र तत्क्षणी आला होता.

ऋतुनामांचे प्रकार चार.

१. स्पष्टर्तुनाम. वसंत, वर्षा, शरद, हेमंत, शिशिर. यांतील शरद हे प्रकरण गंभीर आहे. संस्कृतात 'शरद्' हा शब्द स्त्रीलिंगी असून मराठीने तो पुत्रांस दिला, आणि याविषयी कोल्हारातील एकाही शरदाने आजवर तक्रार नोंदवलेली नाही. उलटपक्षी, ऋतुवाचक 'वर्षा' संस्कृतात बहुवचनी चालतो. म्हणून 'वर्षा आली' हा प्रयोग चिंत्य, आणि 'वर्षाताई आल्या' हा व्याकरणशुद्ध. धाकट्या जावा थोरल्या जावेविषयी हाच प्रयोग करतात, यावरून पाणिनीय परंपरा प्रवराकाठी अद्याप जिवंत असल्याचे अनुमान निघते.

२. गूढर्तुनाम. वैदिक मासगणनेत मधु व माधव हे वसंताचे दोन महिने, शुक्र व शुचि ग्रीष्माचे, नभस् व नभस्य वर्षेचे, इष व ऊर्ज शरदाचे, सहस् व सहस्य हेमंताचे आणि तपस् व तपस्य शिशिराचे. तस्मात् माधव नावाचा इसम नकळत वैशाख महिना असतो, आणि ऊर्जा नावाची कन्या कार्तिकाशी सगोत्र ठरते. हे वर्तमान संबंधितांस कळविले असता, 'बरं' एवढाच प्रतिसाद मिळाला.

३. आभासर्तुनाम. वैशाली ही नगरी, शरयू ही नदी. वैशाखाशी वा शरदाशी उभयतांचा काही संबंध नाही. विस्तार अनावश्यक.

४. नक्षत्रर्तुनाम. हा प्रकार सर्वांत समृद्ध असून येथे थांबणे प्राप्त आहे. षड्ऋतू हे पंचांगाचे. कोल्हारचा शेतकरी सूर्यनक्षत्रांवर चालतो. सात-आठ जूनला मृग लागते, आणि त्यानंतरचे प्रत्येक नक्षत्र साधारण तेरा-चौदा दिवसांचे. रोहिणी, आर्द्रा, पूर्वा, उत्तरा, चित्रा, स्वाती या पावसाच्या सहा नक्षत्रांनी मुलींच्या नावांत प्रवेश मिळविला. पुनर्वसूचा तो 'तरणा पाऊस' व पुष्याचा तो 'म्हातारा पाऊस', ही उपाधी मात्र पावसापुरतीच राहिली. आता अन्याय पाहा. नगर जिल्हा पर्जन्यछायेचा. येथील रब्बी ज्वारीचे भवितव्य परतीच्या पावसावर, म्हणजे उत्तरा व हस्त यांवर अवलंबून. हस्ताला लोक प्रेमाने 'हत्ती' म्हणतात. सप्टेंबरअखेरीस तो बरसला तर कणगी भरते. तथापि स्वाती आहेत, चित्रा आहेत, हस्ता एकही नाही. ज्याने अन्न द्यावे त्याचे नाव कोणी ठेवू नये, हा कृतघ्नपणा की 'हत्ती' या लाडक्या नावाचा परिणाम, याविषयी अभ्यासकांत दोन तट आहेत. प्रस्तुत लेखक दुसऱ्या तटावर आहे.

आता हेतुविचार, म्हणजे ऋतुनाम ठेवलेच का जाते. जन्मर्तुवादी म्हणतात, ज्या ऋतूत जन्म त्या ऋतूचे नाव. हे मत साधे, सुंदर आणि बहुतांशी असत्य आहे. महाराष्ट्राच्या मुख्यमंत्र्यांचा पुरावा घ्यावा. वसंतराव नाईक यांचा जन्म १ जुलै १९१३ चा, ज्येष्ठ वद्यातला, म्हणजे ग्रीष्मातला. वसंतदादा पाटील १३ नोव्हेंबर १९१७ चे, ऐन दिवाळीतले, म्हणजे शरदातले. शरद पवार १२ डिसेंबर १९४० चे, दत्तजयंती तोंडावर आलेली असतानाचे, म्हणजे हेमंतातले. मुख्यमंत्रिपद आणि स्वऋतू यांचा योग जुळत नाही, असा सिद्धांत येथे सुचतो. वसंतराव नाईक यांनी तर मलबार हिलवरील आपल्या बंगल्याचे नाव 'वर्षा' ठेवले आणि वसंत वर्षेत राहू लागला. ऋतुचक्रात मधला ग्रीष्म कोठे गेला, याचा खुलासा उपलब्ध नाही. अपवाद गायनक्षेत्रात सापडतो: वसंतराव देशपांडे २ मे १९२० रोजी, वैशाखात, म्हणजे निर्विवाद वसंतात जन्मले.

दुसरा पंथ अवकहडावाद्यांचा. त्यांच्या मते नाव ऋतूवरून येतच नाही. जन्मनक्षत्राच्या चरणाक्षरावरून येते. रोहिणीची अक्षरे ओ, वा, वी, वू. वरून 'व' आला की आत्या पाळण्यापाशी वाकते, बाळाच्या कानात 'कुर्रर्र' करते आणि वसंत म्हणून मोकळी होते. हेमंताची उपपत्ती याहून विलक्षण: 'हे' हे अक्षर पुष्याचे, आणि पुष्याचा पाऊस म्हातारा. म्हणजे गुलाबी थंडीचे नाव म्हाताऱ्या पावसाच्या नक्षत्राने दिले. चांद्र आणि सौर नक्षत्र यांत हा लेखक घोटाळा करतो, असा आक्षेप कोणी घेईल. आक्षेप योग्य आहे.

तिसरा पंथ स्वीकारवाद्यांचा; येथे नाव मिळत नाही, घेतले जाते. कवी वसंत बापट मूळचे विश्वनाथ, नाटककार वसंत सबनीस मूळचे रघुनाथ. दोघांनीही सहा ऋतूंतून वसंतच उचलला. ग्रीष्म कोणी उचलला नाही.

येथे आपण या शास्त्राच्या मुख्य प्रश्नाशी पोहोचतो. ग्रीष्म नावाचा पुरुष कोल्हारात का नाही? भंडारदऱ्याचे धरण १९२६ साली पूर्ण झाले, प्रवरेचे कालवे वाहते झाले, आणि उन्हाळ्याचे भय आवर्तनाच्या तारखांवर येऊन ठेपले. 'पाणी सुटलं का?' हा प्रश्न चैत्र-वैशाखात कोकिळेपेक्षा अधिक ऐकू येतो. शेजारच्या प्रवरानगरात १९५०-५१ च्या पहिल्या गळितापासून 'हंगाम' नावाचा सातवा ऋतू रूढ झाला. तरीही आवर्तन किंवा हंगाम असे नाव कोणी ठेवले नाही, आणि ग्रीष्म तर नाहीच. अलीकडे ग्रीष्मा नावाच्या कन्या आढळतात. त्यांस या लेखकाचा आशीर्वाद आहे.

आता विरोधाभास पाहा. ग्रीष्माचे नाव कोणाचेच नाही, पण कागदोपत्री जन्म सर्वांचा ग्रीष्मातच. गुरुजींनी पहिलीत नाव घालताना जन्मतारीख १ जून लावली, की वय बसले. १ जून बहुधा ज्येष्ठात. अशा रीतीने वसंत, शरद, हेमंत आणि शिशिर यांची एक अख्खी पिढी शाळेच्या दाखल्यावर ग्रीष्मात जन्मली. यास 'दाखलाग्रीष्म' म्हणावे.

क्षेत्रकार्यात असा एक शरद भेटला. त्याच्या आईची साक्ष अशी, 'बाजरी सोंगायला आली व्हती, मी बांधावरच बसले.' बाजरी सोंगणीस येते ती शरदात. म्हणजे जन्मर्तुवाद्यांस अखेर एक निर्दोष उदाहरण मिळाले, आणि तेही 'शऱ्या, दळण घेऊन ये' या अपभ्रंशावस्थेतून सत्तावन्न-अठ्ठावन्न वर्षे सुखरूप तरलेले. परंतु दाखल्यावर १ जून असल्याने शासकीय नियमानुसार हे शरदराव ३१ मे रोजी, ऐन ग्रीष्मात सेवानिवृत्त झाले. सत्कारात नारळ, फेटा आणि एक लोकरी शाल मिळाली. नारळ फोडला, फेटा देव्हाऱ्यापाशी ठेवला. शाल धाकट्या भावास दिली. धाकट्याचे नाव हेमंत.