भांडण उभं झालं

सोलापूरजवळच्या कुंभारीच्या ‘रे नगर’ वसाहतीत ८३४ इमारती आणि एकेकीत ३६ घरं. १९ जानेवारी २०२४ ला पंतप्रधानांनी त्यातल्या पहिल्या १५ हजार घरांच्या किल्ल्या दिल्या. विडी वळणाऱ्या बायका, यंत्रमागावरचे कामगार हक्काच्या छपराखाली आले. कामगारनेते आडम मास्तरांनी त्यासाठी वर्षानुवर्षं मोर्चे काढले. पण या छपरावर दुसऱ्याची फरशी असते, हे कुठल्याच मोर्च्यात कुणी सांगितलं नव्हतं.

याच कुंभारीत २००६ साली कम्युनिस्ट नेत्या गोदूताई परुळेकरांच्या नावाची दहा हजार घरं झाली, ती बैठी. तिथं शेजारीण बाजूला, म्हणून भांडणही आडवं: सामाईक भिंत, गटार, दारात बांधलेली शेळी. आता शेजारीण डोक्यावर आणि भांडण उभं. वरची गॅलरी धुते, खालचीचं वाळलेलं लुगडं पुन्हा भिजतं. विड्या वळून झाल्या की वरची सूप झटकते, तंबाखूचा भुगा खालच्या शेंगाचटणीत. ‘काय गं ए’ म्हणून मराठीत सुरू झालेलं प्रकरण दुसऱ्या मजल्यापर्यंत तेलुगूत पोचतं. कन्नड राखीव असते.

मग वळसंग! कुंभारी वळसंग पोलीस ठाण्याच्या हद्दीत. शेजारणीचं दार वाजवायला एक जिना चढायचा, तो कुणी चढत नाही. अक्कलकोट रस्त्यानं ठाण्यापर्यंत मात्र दोघी जातात. वडापची जीप एकच, त्यामुळं फिर्यादी आणि समोरची पार्टी मांडीला मांडी लावून. ठाण्यात अदखलपात्र नोंद होते. मॅजिस्ट्रेटच्या आदेशाशिवाय तिचा तपास होत नाही, हे अंमलदाराला पाठ. ‘आपसात मिटवा,’ म्हणून तो दोघींना वाटेला लावतो.

सोलापूर शहरात सात रस्त्याच्या फ्लॅटवाल्यांनी हसू नये. तिथं हेच भांडण व्हॉट्सअॅपवर ‘काही सदस्यांनी नोंद घ्यावी’ अशा सभ्य भाषेत सुरू होतं आणि थेट सहकार न्यायालयात जातं. लिफ्टमध्ये दोघे भेटले तर मजल्याच्या आकड्यांकडं बघतात. ओरडायची चोरी, म्हणून वकील लावायचा.

वळसंगहून परतताना एकीकडे सुटे नसतात. दुसरी तिचं भाडं भरते. ते पैसे तिनं अजून परत केले नाहीत, ही पुढची तक्रार.