हत्तीचं घर

एमिल कोलच्या ‘फॅन्टास्मागोरी’त एक हत्ती आहे. हत्ती म्हणून तो जेमतेम काही सेकंद जगतो, मग त्याचं घर होतं. म्हणजे हत्तीला घर मिळत नाही, हत्तीच घर होतो! आणि फिल्ममधला विदूषक खुशाल आत शिरतो.

1908 सालची ही फिल्म उणीपुरी दीड-दोन मिनिटांची. कोल तेव्हा 51 वर्षांचा, पॅरिसमधला मुरलेला व्यंगचित्रकार. या वयात आपल्याकडे माणसं गुडघ्यांविषयी बोलायला लागतात. यानं खालून दिवा लावलेल्या काचेवर कागद ठेवून, आधीच्या चित्रावरून पुढचं गिरवत, सुमारे 700 चित्रं काढली. कागद पांढरा, रेघ काळी. पण पडद्यावर निगेटिव्ह दाखवल्यामुळे सगळं फळ्यावर खडूनं काढल्यासारखं दिसतं. मास्तर वर्गाबाहेर गेल्यावर फळ्यावर जे होतं, तेच इथे चालू असतं.

सुरुवातीला एक गृहस्थ थिएटरात बसलेला असतो. पिसांची भलीमोठी टोपी घातलेली एक बाई नेमकी त्याच्या पुढ्यात येऊन बसते. गृहस्थ शांतपणे एकेक पीस उपटायला लागतो. (लग्नात माझ्यापुढे फेटेवाला बसला की मला हाच आठवतो. अजून हात आवरलाय.)

परवा मी फिल्म थांबवत थांबवत पाहिली. हत्ती नेमका कुठे संपतो, ते एकदा पकडायचंच होतं. नाही सापडलं. मधली रेघ ना हत्तीची, ना घराची. एसटीनं फलटण सोडलंय आणि सातारा अजून यायचाय, तशी. तिला त्याचं काही वाटतही नाही.

पुढच्या कार्टूनवाल्यांना कारणं सुचायला लागली. फेलिक्स मांजराची शेपटी सुटी व्हायची, तिचं हवं ते अवजार व्हायचं. पण अडचण आली की, कामापुरतं. कोलच्या हत्तीला कसलीच अडचण नव्हती.

मग मलाही हुक्की आली. वाण्याच्या बिलांच्या पाठीवर एक हत्ती काढला, खिडकीच्या काचेला लावून पुढचा गिरवला. चौथ्या कागदावर सोंड आत गेली. सातव्यावर पाय गेले. घर काही येईना.

बायकोनं मागून डोकावून पाहिलं. म्हणाली, “अहो, बटाटे काढलेच आहेत, तर खाली कांदे नि लसूणही लिहा. आणि मंडईत जाऊन या.”