असमानता सोडवा, सिडकोचं घर मिळवा
(नवशिक्यांसाठी)

साहित्य : पट्टी, पेन्सिल, खोडरबर, नवरा-बायको दोघांच्या उत्पन्नाचे दाखले आणि रांगेत घालवायला एक मोकळी सकाळ.

पायरी १ : चिन्ह ओळखा.
< आणि > ही चिन्हं इंग्रज गणिती थॉमस हॅरियटच्या १६३१ साली छापलेल्या पुस्तकातून जगापुढे आली. तोवर हॅरियटला जाऊन दहा वर्षं झाली होती. सिडकोच्या घरांच्या सोडतीत नंबर न लागलेल्यांनी धीर धरावा. चिन्हाचं उघडं तोंड नेहमी मोठ्या संख्येकडे. खाली रेघ असेल (≤) तर बरोबरीलाही आत प्रवेश.

पायरी २ : गणित मांडा.
ऑक्टोबर २०२४ मध्ये सिडको या सरकारी महामंडळाच्या ‘माझे पसंतीचे सिडकोचे घर’ योजनेत २६ हजार घरं निघाली. आर्थिकदृष्ट्या दुर्बल घटकासाठी अट होती : कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न ६ लाखांपर्यंत. समजा, महिन्याला घरात क्ष हजार येतात आणि दिवाळीला ६० हजार बोनस. सगळं हजारांत लिहा :
१२क्ष + ६० ≤ ६००
दोन्हीकडून ६० वजा करा : १२क्ष ≤ ५४०
१२ने भागा : क्ष ≤ ४५
साहेब पगारवाढीचं बोलले, तर त्यांना आधी हे उत्तर दाखवा.

पायरी ३ : संख्यारेषा काढा.
आडवी रेघ ओढून तिच्यावर लाखांच्या खुणा करा. दुर्बल घटकासाठी ६वर भरीव ठिपका द्या आणि तिथून डावीकडे शून्यापर्यंत रेघ ठळक करा. अल्प उत्पन्न गटाची अट होती ६ लाखांहून जास्त, म्हणून ६वर पोकळ वर्तुळ आणि बाण उजवीकडे. हा बाण थांबवायचा कुठे? कुठेच नाही. या गटाला वरची मर्यादाच नव्हती. वर्षाला ६० लाख कमावणाराही ‘अल्प उत्पन्ना’तच मोडत होता. कागद संपला की रेघ टेबलावर ओढा.
भरीव आणि पोकळ यांत गल्लत नको. भरीव ठिपक्याला पंतप्रधान आवास योजनेचं अडीच लाखांचं अनुदान होतं. तुमचं उत्पन्न ६ लाख १ रुपया निघालं, तर तो एक रुपया अडीच लाखांना पडला असं समजा.

पायरी ४ : ऋण संख्येला जपा.
शिल्लक १० लाख. भाड्यापायी त्यातले दरमहा २० हजार जातात. घराच्या पहिल्या हप्त्यासाठी निदान ४ लाख उरायला हवेत. मग किती महिने थांबता येईल? ते महिने क्ष धरा आणि पैसे पुन्हा हजारांत लिहा :
१००० − २०क्ष ≥ ४००
−२०क्ष ≥ −६००
ऋण संख्येने भागताना चिन्ह उलटतं : क्ष ≤ ३०. म्हणजे हातात जास्तीत जास्त तीस महिने. उलटवायला विसरलात तर क्ष ≥ ३० येईल. भाडं जितकं जास्त महिने भरू, तितकी शिल्लक सुरक्षित! हे उत्तर फक्त घरमालक बरोबर धरतात. खात्री करायची तर क्ष = ४० घालून पाहा : उरतात दोनच लाख.

सरावसंच
वाशी ट्रक टर्मिनलच्या अल्प उत्पन्न गटातल्या घराची किंमत सुमारे ७४ लाख जाहीर झाली. तुमचं उत्पन्न ६ लाख १ रुपया. न जेवता, भाडं न देता, सगळा पगार साठवला तर किमान किती पूर्ण वर्षं लागतील?
(उत्तर : क्ष ≥ १३. किंमत तोवर वाढणार नाही असं गृहीत धरलं आहे. परीक्षेत तसं चालतं.)