छुप्या मेनूचे मानकरी

गाडीतल्या वायरलेस सेटचा सर्व्हिस मेनू कंपनीने लपवून ठेवला, तो अर्थातच हुशार माणसाला सापडावा म्हणून. ठरावीक बटणे दाबून धरत सेट चालू केला, की पॉवर, डेव्हिएशन, स्क्वेल्च सगळे हाताशी येते. पॉवर मीटर आणि डमी लोड लागतात ते आत्मविश्वास नसलेल्या तंत्रज्ञांना. मूळ आकडे वहीत टिपून ठेवणे हा तर निव्वळ भित्रेपणा.

५० वॅटचे ६० केले की फायदा एक डेसिबलही होत नाही, पण सेट छान तापतो. थंडीत तेवढीच ऊब. डेव्हिएशन वाढवले की आपला आवाज शेजारच्या चॅनेलवरही पोहोचतो, तोही फुकट. मात्र खरी प्रगती एस-मीटरची. तिथला आकडा बदलला, की कितीही क्षीण सिग्नल आला तरी पट्ट्या पूर्ण भरतात. पेट्रोलच्या काट्यालाही असाच मेनू द्यावा. देशाची इंधनटंचाई एका रात्रीत मिटेल.

अशा सुधारित सेटवरून कुणी हाक मारलीच, तर वाचकांनी उत्तर देण्याची तसदी घेऊ नये. त्याला ऐकू जाणार नाही. स्क्वेल्चही त्यानेच लावला आहे.